इमाम अद-दूर: 900 वर्षं उभा राहिलेला घुमट कसा हरवला?

इराकमध्ये समारा शहराच्या उत्तरेला, टायग्रिस नदीकाठी अद-दूर हे गाव आहे. शिया इमाम मुसा अल-काझिम यांचे पुत्र मुहम्मद यांची कबर इथे असल्याचं मानलं जातं. उकैली घराण्याचा शासक मुस्लिम इब्न कुरैश याने 11व्या शतकाच्या उत्तरार्धात या कबरीवर दर्गा बांधायला घेतला.

खाली विटांची चौकोनी खोली, कोपऱ्यांना गोल बुरूज. खरी कमाल मात्र छतात होती. लहान लहान कोनाड्यांचे थर एकावर एक चढत जायचे, प्रत्येक थर आधीच्यापेक्षा अरुंद. अशा रीतीने चौकोनी खोलीवर हळूहळू गोल घुमट तयार व्हायचा. या रचनेला 'मुकर्नस' म्हणतात. इमाम अद-दूरचा घुमट हा या प्रकारातला टिकून राहिलेला सर्वांत जुना घुमट मानला जात होता.

ऑक्टोबर 2014 मध्ये आयसिसने स्फोटकं लावून हा दर्गा उडवला. कबरींना मान देणं ही त्यांच्या लेखी मूर्तिपूजा होती.

बगदादमधली जुमुर्रुद खातूनची कबर आजही अशाच घुमटाखाली उभी आहे. पण या शैलीची सुरुवात कशी झाली, हे सांगणारी इमारत आता फक्त फोटोंमध्ये आणि अभ्यासकांनी काढलेल्या आराखड्यांमध्ये उरली आहे.