लाखो भोकं, एक अंधारी खोली आणि सरस्वतीबाई

कार्ला-भाज्याला जाताना तुम्ही लोकलने मळवलीला उतरला असाल. याच मळवलीत राजा रविवर्मांचा छापखाना होता, बरं का. मुंबईहून तो इथे हलवला गेला आणि पुढे फ्रिट्झ श्लायशर नावाच्या जर्मन तंत्रज्ञाने विकत घेतला. दादासाहेब फाळक्यांनी या छापखान्यासाठी काम केलं, मग लोणावळ्यात स्वतःचा छापखाना काढला. तो दादरला गेला आणि १९०९ मध्ये फाळके छपाईची यंत्रं आणायला थेट जर्मनीला गेले.

पण आज मला बोलायचंय ते त्यांच्या पत्नीबद्दल, सरस्वतीबाईंबद्दल. आपल्याकडे फिल्म एडिटिंगचा इतिहास सांगताना लोक स्टुडिओंपासून सुरुवात करतात. मी दादरच्या त्या घरापासून करेन.

भागीदारांशी बिनसल्यावर फाळक्यांनी छपाई सोडली. १९१२ मध्ये ते लंडनहून विल्यमसन कॅमेरा घेऊन आले. पैसा कोण देणार? मग त्यांनी एक प्रयोग केला. कुंडीत वाटाणा पेरला, कॅमेरा समोर रोवला आणि महिनाभर थोडं थोडं चित्रण केलं. पडद्यावर बघता बघता बी रुजून वेल झाला! ‘अंकुराची वाढ’. आज तुम्ही फोनवर टाइमलॅप्स करता ना, तेच. माझ्या मते एडिटिंगची खरी गंमत इथेच आहे : मधला वेळ गाळून टाकायचा. हे बघून भांडवल मिळालं, पण सरस्वतीबाईंचे दागिनेही गेलेच.

आता खरं काम. कच्च्या फिल्मच्या कडांना तेव्हा भोकं नसायची, ती आपणच पाडायची. तीही अंधारात, कारण उजेड लागला की फिल्म खलास. हे काम सरस्वतीबाई शिकल्या. रसायनं मिसळणं, फिल्म धुणं, शूटिंगला उन्हात पांढरी चादर धरून उभं राहणं, हेही त्यांच्याकडेच. शिवाय सगळ्या युनिटचा स्वयंपाक!

जरा हिशोब करूया. ‘राजा हरिश्चंद्र’ सुमारे ३,७०० फूट लांब. एका फुटात १६ चित्रं, एका चित्राला दोन्ही कडांची मिळून आठ भोकं. म्हणजे पावणेपाच लाखांच्या आसपास! यंत्र एका दाबात काही भोकं पाडत असेल, तरी फिल्म सरळ धरायची ती हातानेच. एक भोक जरी तिरकं पडलं तरी पडद्यावर चित्र उडी मारणार.

३ मे १९१३ ला गिरगावच्या कोरोनेशनमध्ये चित्रपट लागला. नाव फाळक्यांचं झालं, आणि ते व्हायलाच हवं होतं. पण सरस्वतीबाईंच्या कामाला तेव्हा नावच नव्हतं. ‘घरकाम’ म्हणा, झालं. पगार नाही, हुद्दा नाही.

१९१७ मध्ये फाळक्यांनी ‘चित्रपट कसे तयार करतात’ हा माहितीपट केला. त्याचे तुकडे आजही बघता येतात. फाळके तालमी घेतायत, फिल्मची पट्टी डोळ्यांसमोर धरून तपासतायत, तुकडे निवडतायत. नक्की बघा. आणि बघताना त्या पट्टीच्या कडेच्या भोकांकडेही लक्ष असू द्या.