कबजाची केस आणि अपिलाच्या पायऱ्या

मंडळी, पेडणे-डिचोलीकडच्या कुठल्याही जुन्या घरात विचारा, जमिनीची एखादी केस निघतेच. कुणाच्या आजोबांनी लावलेली, कुणाच्या वडिलांनी चालवलेली, तर कुणाची अजून अपिलात. हे असं का झालं, त्याचा थोडा इतिहास आज सांगतो.

आपला भाग नव्या काबिजादीतला. तिसवाडी-बार्देस-साष्टी सोळाव्या शतकातच पोर्तुगिजांकडे गेले, पेडणे मात्र 1788 मध्ये. इथे जमिनी मोठ्या भाटकारांच्या आणि मोकासदारांच्या हाती राहिल्या. शेतात राबायचं कूळ, आणि भाटात घर बांधून राहायचा मुंडकार. भाटकाराचं नाव सरकारदफ्तरी चढलेलं. मुंडकाराकडे कागद कुठला? त्याचा पुरावा म्हणजे उंबरठा, तुळस आणि पिढ्यांची वहिवाट. भांडण कोर्टात गेलं की भाषा पोर्तुगीज, आणि घरातले जुने कागद मोडीत. वरचं कोर्ट म्हणजे 1544 पासूनचं 'रेलासांव'. गरीब माणूस तिथवर पोचणार कसा?

1961 ला मुक्ती आली आणि कोर्टाची चौकट बदलली. 1963 मध्ये रेलासांवच्या जागी ज्युडिशियल कमिशनरचं कोर्ट आलं, 1966 पासून भारतीय दिवाणी प्रक्रिया लागू झाली, आणि 1982 मध्ये मुंबई उच्च न्यायालयाचं खंडपीठ पणजीत सुरू झालं. पण घर-संसाराचा कायदा 1867 च्या पोर्तुगीज नागरी संहितेचाच राहिला. नवरा-बायकोची मालमत्ता एकत्र धरली जाते, म्हणून बायकोच्या सहीशिवाय केलेली विक्री पुढे वादात सापडते. जुन्या भांडणांचं एक मूळ इथेच असतं.

सर्वसामान्य माणसाला खरा आधार दिला तो 1964 च्या कूळ कायद्याने आणि 1975 च्या मुंडकार कायद्याने. 1976 च्या दुरुस्तीने कसणाऱ्याला जमिनीची मालकी देऊ केली. मुंडकाराला घराबरोबर भोवतालची जागा विकत घेण्याचा हक्क मिळाला. पहिली दाद मामलेदाराकडे, अपील कलेक्टरकडे, त्यानंतर प्रशासकीय न्यायाधिकरण, आणि शेवटी उच्च न्यायालय. 2014 मध्ये ही प्रकरणं मामलेदाराकडून काढून दिवाणी कोर्टाकडे दिली, तेव्हा गोव्यात मोठा विरोध झाला. वकिलाची फी, तारखा, धावपळ हे कुळा-मुंडकाराला परवडणार कसं, असं लोक विचारत होते. पुढे ती पुन्हा मामलेदारांकडे आली.

आता एक गोष्ट, जी अनेकांना उशिरा कळते. अपील म्हणजे केस पुन्हा पहिल्यापासून नव्हे. दिवाणी दाव्यात पहिल्या अपिलात पुरावा तपासला जातो खरा, पण दुसऱ्या अपिलात उच्च न्यायालय फक्त कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न बघतं. घर कोण वापरत होतं, नारळ कोण काढत होतं, हे तिथे सहसा उकरत नाहीत. आणि जबरदस्तीने कुणी बाहेर काढलं, तर सहा महिन्यांत परत कबजा मागायचा एक वेगळा दावा आहे. त्यात मालकी कुणाची हे बघत नाहीत, फक्त कबजा कुणाचा होता ते बघतात. पण त्या निकालावर अपीलच नाही! हरलात, तर मालकीचा स्वतंत्र दावा करावा लागतो.

म्हणजे खरी लढाई खालच्या पायरीवरच. एक-चौदाच्या उताऱ्यातली नोंद विरुद्ध पुरावा येईपर्यंत खरी मानतात, पण तिच्याने मालकी ठरत नाही. घरपट्टीच्या पावत्या, वीजबिलं, रेशनकार्ड, शेजाऱ्याची साक्ष, सगळं पहिल्याच तारखेला उपयोगी. साक्ष देणारी म्हातारी माणसं मात्र दरवर्षी कमी होताहेत.

म्हणून सांगतो, ट्रंकेतले कागद बाहेर काढा. मोडीतले असोत वा पोर्तुगीजमधले, फोटो काढून ठेवा, जाणकाराकडून वाचून घ्या. आणि घरच्या आजी-आजोबांना आत्ताच विचारा, हे घर इथे कधीपासून, आणि कोणाच्या परवानगीने उभं राहिलं.