गेम विकत घेतला, पण आवडला नाही किंवा चाललाच नाही: पैसे परत मिळतात का?

समजा, तुम्ही दिघीत राहता. समोर राजपुरीची खाडी, पलीकडे आगरदांडा आणि मोबाइलवर रोज दीड जीबी डेटा देणारं रिचार्ज. स्टीमवर सेल लागला म्हणून शनिवारी रात्री तुम्ही १०० जीबीचा एक गेम विकत घेतला. रोजचा सगळा डेटा त्यातच घातला, घरात कुणी एक रीलसुद्धा बघितलं नाही, तरी १४ दिवसांत २१ जीबी डाउनलोड होतील. पूर्ण गेम यायला दोन महिन्यांहून जास्त लागतील. आणि स्टीमवर पैसे परत मागायची मुदत आहे १४ दिवसांची. ती गेम पहिल्यांदा उघडल्यापासून मोजत नाहीत, खरेदीच्या दिवसापासून मोजतात.

म्हणजे गेम लॅपटॉपवर चालतो की नाही हे कळायच्या आधीच मुदत संपलेली असेल.

डिजिटल गेमच्या रिफंडमध्ये बहुतेकांचे पैसे अडकतात ते इथंच. कंपनी फसवते असं दरवेळी नसतं. प्रत्येक दुकानाचं घड्याळ वेगळं असतं, ते वेगवेगळ्या क्षणी सुरू होतं आणि पैसे भरताना आपण ते बघत नाही.

स्टीमचा नियम नेमका काय आहे?

पीसीवर गेम खेळणाऱ्यांसाठी स्टीम हे सगळ्यात मोठं दुकान. भारतात त्याच्या किमती २०१५च्या नोव्हेंबरपासून रुपयांत दिसतात आणि रिफंडची आजची पद्धतही त्याच वर्षी जूनमध्ये सुरू झाली. खरेदीला १४ दिवस झालेले नसावेत आणि गेम २ तासांपेक्षा कमी खेळलेला असावा, अशा दोन अटी आहेत. दोन्ही पाळल्या असतील तर कारण काहीही चालतं. लॅपटॉपला झेपला नाही, कंटाळा आला, चुकून घेतला, काहीही.

या २ तासांचा हिशोब नीट समजून घ्या. गेम सुरू आहे तो सगळा वेळ यात धरला जातो. आधी उघडणारा लाँचर, सेटिंगमध्ये ग्राफिक्स कमी-जास्त करण्यात गेलेला अर्धा तास, गेम तसाच चालू ठेवून जेवायला गेलात तो वेळ, सगळं त्यात येतं. डाउनलोडचा वेळ मात्र यात येत नाही. त्यामुळे जुना लॅपटॉप असेल तर पहिल्या अर्ध्या तासातच निर्णय घ्या. "थोडा वेळ देऊन बघू" म्हणणाऱ्यांचे दोन तास कधी उलटतात ते त्यांनाच कळत नाही.

नेट कमी असलेल्या गावात दोन गोष्टी उपयोगी पडतात. गेमच्या पानावर खाली सिस्टिमच्या गरजा लिहिलेल्या असतात, तिथंच गेम किती जीबीचा आहे तेही असतं. ते आधी बघा. आणि श्रीवर्धनला किंवा माणगावला एखाद्या मित्राकडे चांगलं वाय-फाय असेल, तर लॅपटॉप घेऊन तिथं जायच्या दिवशीच खरेदी करा. सेल साधारण आठ-दहा दिवस असतो, पहिल्या रात्रीच घ्यायची घाई नसते. घेऊन बसलाच असाल आणि तेरावा दिवस उजाडला तरी डाउनलोड अर्धवट असेल, तर रिफंड मागून टाका. गेम एकदाही उघडलेला नसला तरी रिफंड मिळतो.

मागायची पद्धत सोपी आहे. स्टीम सपोर्टमध्ये जाऊन खरेदी निवडायची, रिफंड हवा असं सांगायचं, कारण लिहायचं. मंजूर झाल्यावर साधारण आठवड्याभरात पैसे येतात. ज्या मार्गानं भरले त्याच मार्गानं, आणि ते शक्य नसेल तर स्टीम वॉलेटमध्ये. वॉलेटमध्ये आलेले पैसे स्टीमवरच खर्च करावे लागतात, म्हणून अर्ज करतानाच पर्याय नीट निवडा.

आणखी एक, जे फार जणांना माहीत नसतं: पूर्ण किमतीला गेम घेतला आणि दोन दिवसांनी तोच सेलमध्ये निम्म्या किमतीला आला, तर परत करून पुन्हा स्वस्तात घेणं स्टीमच्या नियमांत गैरवापर धरत नाहीत. मात्र दर आठवड्याला गेम घ्यायचा, दीड तास खेळायचा आणि परत करायचा असं सुरू केलंत, तर ही सोय तुमच्यासाठी बंद होऊ शकते. दुसऱ्या वेबसाइटवरून स्वस्तात घेतलेल्या 'की'चे पैसे स्टीम देत नाही. ते त्या विक्रेत्याकडेच मागावे लागतात.

प्लेस्टेशन, एक्सबॉक्स आणि एपिक

प्लेस्टेशन स्टोअरवरही १४ दिवस आहेत, पण अट जास्त कडक. डाउनलोड सुरू झालं की हक्क गेला. खेळून बघायचा प्रश्नच नाही. कन्सोलवर गेम आपोआप डाउनलोड व्हायला लागतो, त्यामुळे ते सेटिंग बंद ठेवलेलं बरं. गेममध्येच बिघाड असेल तर ही अट आड येत नाही. २०२०च्या डिसेंबरमध्ये 'सायबरपंक २०७७' प्लेस्टेशन ४वर इतका मोडकातोडका आला की सोनीनं तो स्टोअरवरून काढला आणि खेळलेल्यांनाही पूर्ण पैसे देऊ केले. पुढच्या जूनमध्ये तो परत आला.

एपिकचा नियम स्टीमसारखाच, १४ दिवस आणि २ तास. एक्सबॉक्सवरही १४ दिवसांत मागता येतं, फक्त फार खेळलेला नसावा.

मोबाइलवर वेळ आणखी कमी

आपल्याकडे बहुतेक जण मोबाइलवरच खेळतात आणि तिथं घड्याळ दिवसांचं नाही, तासांचं आहे. गूगल प्लेवर ॲप, गेम किंवा गेममधल्या खरेदीचे पैसे परत मागायचे तर साधारण ४८ तासांच्या आत. ऑर्डर हिस्टरीत जाऊन ती खरेदी निवडायची आणि अडचण कळवायची. ४८ तास उलटले की गूगल तुम्हाला गेम बनवणाऱ्या कंपनीकडे पाठवतं, आणि ती देईल की नाही हे तिच्यावर. एकच ॲप परत करून पुन्हा घेतलंत, तर दुसऱ्यांदा रिफंड मिळत नाही.

ॲपलवर 'रिपोर्ट अ प्रॉब्लेम' नावाचं वेगळं पान आहे. तिथं लॉग-इन करून कारण निवडायचं. परवानगीशिवाय मुलानं खरेदी केली, हेही कारण त्या यादीत आहे. उत्तर साधारण ४८ तासांत येतं.

एक चूक मात्र सगळीकडे होते. ॲप काढून टाकलं म्हणजे सबस्क्रिप्शन बंद होत नाही. यूपीआय ऑटोपे चालू असेल तर दर महिन्याला पैसे जातच राहतात. आधी सबस्क्रिप्शन रद्द करा, मग ॲप काढा.

यूसी, डायमंड, स्किन: वापरलं की संपलं

गेममधलं चलन हा रिफंडमधला सगळ्यात अवघड भाग. घेतलेलं चलन खर्च केलं, त्यातून बंदुकीची स्किन घेतली, पेटी उघडली, की बहुतेक कंपन्या 'वापर झाला' असं म्हणून हात वर करतात. स्टीमवर खुद्द व्हॉल्व्हच्या गेममधली खरेदी ४८ तासांत परत करता येते, तीही वापरलेली नसेल तरच.

मुळात आपण जे विकत घेतो ती वस्तू नसते, वापराची परवानगी असते. २ सप्टेंबर २०२०ला केंद्र सरकारनं ११८ ॲपवर बंदी घातली, त्यात पब्जी मोबाइल होता. ३० ऑक्टोबरला तो भारतात पूर्ण थांबला आणि लोकांनी पैसे घालून जमवलेल्या वस्तू त्यातच राहिल्या. २०२१मध्ये बीजीएमआय आल्यावर जुनी खाती तिकडे हलवता आली, म्हणून पुष्कळांचं थोडक्यात निभावलं. गेम परत आलाच नसता तर?

ज्यात पैसे लावून पैसे जिंकतात त्या खेळांची गोष्ट वेगळी. ऑनलाइन गेमिंगच्या कायद्याला २२ ऑगस्ट २०२५ला राष्ट्रपतींची मंजुरी मिळाली आणि असे खेळ बंद झाले. मुंबईच्या ड्रीम११नंही पैशांच्या स्पर्धा थांबवल्या आणि खात्यातली शिल्लक काढून घेता येईल असं जाहीर केलं. तिथं तुमचे पैसे वॉलेटमध्ये जमा होते. यूसी घेताना तसं नसतं, तुम्ही ते खर्च केलेले असतात.

मुलानं आईच्या खात्यातून खर्च केले तर?

२०२१च्या ऑगस्टमध्ये जोगेश्वरीतल्या एका १६ वर्षांच्या मुलानं पब्जीपायी आईच्या खात्यातले सुमारे १० लाख रुपये खर्च केल्याची बातमी आली होती. घरचे रागावल्यावर तो चिठ्ठी लिहून निघून गेला. एमआयडीसी पोलिसांना तो महाकाली गुंफांच्या परिसरात सापडला. पैशांपेक्षा मूल सुखरूप घरी आलं हे मोठं. असं काही घरात उघडकीला आलं तर पहिल्या तासात आरडाओरडा करण्यापेक्षा फोन हातात घेऊन ऑर्डर हिस्टरी उघडणं जास्त कामाचं, कारण ४८ तासांचं घड्याळ चालू असतं.

१८ वर्षांखालच्या व्यक्तीला करार करता येत नाही, असं १८७२च्या करार कायद्याचं कलम ११ सांगतं. अज्ञान व्यक्तीनं केलेला करार मुळातच रद्दबातल, हे १९०३च्या मोहरीबीबी खटल्यापासून ठरलेलं आहे. तक्रारीत हा मुद्दा जरूर लिहा. पण कंपनी म्हणेल की खातं मोठ्या माणसाचं, पिनही त्याचाच, मग खरेदी मुलानं केली हे कशावरून? म्हणून मुलाचं वय, खरेदीच्या वेळा, एकाच दिवशी झालेल्या दहा-पंधरा खरेद्या असं जे दाखवता येईल ते द्या. बँकेकडून मात्र फार आशा ठेवू नका. रिझर्व्ह बँकेच्या २०१७च्या परिपत्रकानुसार तिऱ्हाइतानं पैसे काढले आणि तुम्ही तीन कामकाजाच्या दिवसांत कळवलं तर नुकसान तुमच्यावर येत नाही. पण पिन आपणच घरात सांगितलेला असेल तर कळवेपर्यंतचं नुकसान आपलं.

ज्या व्यवहाराशी घरातल्या कुणाचाच संबंध नाही, तो गूगलला १२० दिवसांपर्यंत कळवता येतो.

पैसे कापले, पण गेम आलाच नाही

हे रिफंडमध्ये मोडत नाही, हा फसलेला व्यवहार. नेटवर्क मध्येच गेलं की होतं असं. दुकानदाराला यूपीआयनं दिलेले पैसे कापले गेले पण पोचल्याची खात्री आली नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या २०१९च्या नियमाप्रमाणे ते व्यवहारानंतर पाच दिवसांत आपोआप परत यायला हवेत. उशीर झाला तर दिवसाला १०० रुपये भरपाई. घाईनं दुसऱ्यांदा पैसे भरू नका, आधी ऑर्डर हिस्टरी बघा.

तसंच, गेम मिळालाय पण आवडला नाही म्हणून थेट बँकेत कार्डाचा व्यवहार नाकारायला जाऊ नका. कंपन्या अशा वेळी आख्खं खातं गोठवू शकतात आणि ८०० रुपयांच्या वादात आधीचे वीस गेम अडकतात.

कस्टमर केअरचा नंबर सर्चमध्ये शोधू नका

रिफंड शोधणाऱ्यांची वाट बघत बसलेली एक वेगळीच जमात आहे. गेमच्या नावापुढे 'कस्टमर केअर नंबर' टाकून शोधलं की खोटे नंबर समोर येतात. पलीकडचा माणूस गोड बोलतो, एक ॲप टाकायला सांगतो, मग "रिफंड घेण्यासाठी पिन टाका" म्हणतो. पैसे येताना यूपीआय पिन कधीही लागत नाही, तो फक्त पैसे जाताना लागतो. पैसे गेलेच तर लगेच १९३०वर फोन करा.

कायदा काय देतो, काय देत नाही

'मन बदललं' म्हणून डिजिटल वस्तू परत करायचा सरसकट हक्क भारतात नाही. तो जेवढा मिळतो तेवढा कंपनीच्या धोरणातून. गेम सदोष असेल तर मात्र चित्र बदलतं. ग्राहक संरक्षण कायदा, २०१९नुसार सदोष वस्तू किंवा त्रुटी असलेल्या सेवेचे पैसे परत न देणं ही अनुचित व्यापारी प्रथा आहे. पावतीवर मुदत लिहिलेली नसेल तर ती ३० दिवस धरतात. २०२०चे ई-कॉमर्स नियम डिजिटल उत्पादनांनाही लागू आहेत. त्यांनुसार तक्रार अधिकाऱ्यानं ४८ तासांत पोच द्यायची आणि महिन्याभरात तक्रार निकाली काढायची.

कंपनीनं "रिफंड नाही" असं लिहून ठेवलं म्हणून विषय संपत नाही, हे ऑस्ट्रेलियात दिसलं. तिथल्या ग्राहक आयोगानं स्टीमच्या व्हॉल्व्हला २०१४मध्ये कोर्टात खेचलं आणि २०१६मध्ये ३० लाख ऑस्ट्रेलियन डॉलरचा दंड झाला. आमची कंपनी अमेरिकेत आहे, हा बचाव चालला नाही.

आपल्याकडे आधी कंपनीकडे लेखी तक्रार करा. उत्तर आलं नाही तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५. तिथंही काम झालं नाही तर जिल्हा ग्राहक आयोग, आणि तक्रार तुम्ही राहता त्या जिल्ह्यात करता येते, कंपनीच्या गावी जावं लागत नाही. रायगडचा आयोग अलिबागला आहे. दिघीहून म्हणजे फेरीबोटीनं आगरदांडा, पुढे मुरूड आणि रेवदंड्यावरून, दिवस मोडणारा प्रवास. पण तक्रार ई-जागृती पोर्टलवर घरबसल्या दाखल होते, ५ लाखांपर्यंतच्या खरेदीला शुल्क नाही आणि सुनावणी व्हिडिओवर व्हावी अशी विनंतीही करता येते. घटनेपासून दोन वर्षांची मुदत आहे. तोपर्यंत पावतीचा ईमेल, ऑर्डर नंबर, गेम बंद पडतानाचे स्क्रीनशॉट आणि कंपनीची उत्तरं एका फोल्डरमध्ये ठेवा. चॅटमधलं बोलणं खिडकी बंद करताच जातं, त्याचाही स्क्रीनशॉट तेव्हाच घ्या.