'नितळ' : डागांसह एक नायिका

अकोला-अमरावतीकडे स्थळाची चौकशी करताना 'घरात कोणाला कोड?' हा प्रश्न हळूच का होईना, आजही विचारला जातो. 'कोड' हा शब्दच संस्कृत 'कुष्ठ'पासून आलेला. अर्थ निराळे झाले, भय मात्र सामाईक राहिले. कुष्ठरोग जंतूंमुळे होतो व औषधांनी बरा होतो. कोडात त्वचेतील रंगपेशी नष्ट होतात, संसर्ग मुळीच होत नाही. अमरावतीच्या तपोवनात डॉ. शिवाजीराव पटवर्धनांनी १९४६पासून कुष्ठरुग्णांना आसरा दिला. त्याच गावात हा गोंधळ टिकावा, हे आम्हांला खटकते.

म्हणून सुमित्रा भावे-सुनील सुकथनकर यांच्या 'नितळ' (२००६) या चित्रपटाची आठवण होते. निर्मात्यांत डॉ. माया तुळपुळे होत्या. आरोग्यशिक्षणाचा हेतू उघड आहे, आणि क्वचित तो संवादांना जड करतो. देविका दफ्तरदार मात्र तो सहज पेलतात. नायिकेचा चेहरा हीच पुंजी मानणाऱ्या व्यवसायात त्या रंगभूषेने उमटवलेले डाग घेऊन कॅमेऱ्यासमोर उभ्या राहतात. त्यांची नायिका डॉक्टर आहे, प्रेमात आहे, प्रियकराच्या घरच्यांच्या नजरा झेलते. पण प्रेक्षकाकडे दया मागत नाही. काही वेळाने आपण डाग पाहणेच विसरतो. आरोग्यखात्याच्या पत्रकाला हे साधत नाही.