सोपारे (शूर्पारक)

महाराष्ट्राच्या पालघर जिल्ह्यातील, वसई तालुक्यातील एक प्राचीन बंदर व व्यापारपेठ. मुंबईच्या उत्तरेस सुमारे ५० कि.मी.वर असलेले हे गाव आता वसई-विरार शहर महानगरपालिकेत मोडते. पश्चिम रेल्वेच्या नालासोपारा स्थानकाचे नाव नाळे आणि सोपारे या दोन गावांवरून पडले. जुने सोपारे स्थानकाच्या पश्चिमेला, गास, निर्मळ, उमराळे या गावांच्या शेजारी आहे. दक्षिणेला उल्हास नदीचे मुख म्हणजे वसईची खाडी, उत्तरेला वैतरणा, पूर्वेला तुंगारेश्वराचा डोंगर आणि पश्चिमेला अरबी समुद्र, अशी या मुलखाची चौकट आहे. वसईचा किनारपट्टा एके काळी बेटच होता आणि त्याला मुख्य भूमीपासून तोडणाऱ्या खाडीच्या काठी सोपारे वसले होते. गलबताला उघड्या समुद्राचा मार लागू नये आणि माल मात्र थेट पेठेच्या दारात उतरावा, अशी ही जागा होती. पुढे खाडी गाळाने भरत गेली, तसे बंदरही बसले.

संस्कृत वाङ्मयात शूर्पारक, पाली ग्रंथांत सुप्पारक, कोरीव लेखांत सोपारक व शोर्पारग, ग्रीकांच्या लेखनात सूप्पारा, अरबांच्या लेखनात सुबारा, अशी या गावाची नावे येतात. महाभारताच्या शांतिपर्वात समुद्राने परशुरामासाठी शूर्पारक देश मोकळा करून दिल्याची कथा आहे, तर वनपर्वातील तीर्थयात्रेत पांडव येथे येतात. श्रीलंकेच्या ‘महावंस’ या ग्रंथात राजपुत्र विजय लंकेला पोहोचण्यापूर्वी सुप्पारकाला उतरला, पण त्याच्या सोबत्यांच्या दांडगाईमुळे त्याला पुन्हा जहाजावर चढावे लागले, असे सांगितले आहे. या कथांना इतिहास मानण्याचे कारण नाही. बंदराचे नाव मात्र समुद्रापलीकडे किती दूर पोहोचले होते, ते त्यांतून कळते.

सोपाऱ्याचा पहिला पक्का दाखला सम्राट अशोकाचा आहे. १८८२ मध्ये पंडित भगवानलाल इंद्रजी यांना भातेला तळ्याजवळ अशोकाच्या आठव्या शिलाशासनाचा तुकडा मिळाला. १९५६ मध्ये जवळच्या भुईगावला नवव्या शासनाचा तुकडा सापडला. मोठी शिलाशासने अशोकाने वाटेल तेथे कोरवली नाहीत. वर्दळीचे मार्ग आणि सीमेवरची ठाणी पाहूनच त्याने जागा निवडल्या, म्हणजे इ. स. पू. तिसऱ्या शतकात सोपारे नाव घेण्याजोगे ठिकाण होते. १८८२ मध्येच ‘बुरूड राजाचा कोट’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या टेकाडात भगवानलालांनी स्तूप उघडला. आत दगडी पेटी होती. पेटीत तांब्याचा करंडक आणि त्याभोवती बुद्धांच्या आठ लहान धातुमूर्ती होत्या. करंडकात एकात एक बसवलेले चांदीचे, दगडाचे, स्फटिकाचे आणि सोन्याचे करंडक निघाले, आणि सर्वांत आतल्या सोन्याच्या करंडकात मातीच्या भांड्याचे तेरा बारीक तुकडे होते. बुद्धाच्या भिक्षापात्राचे अवशेष म्हणून ते जपले गेले असावेत. सोबत यज्ञ सातकर्णी या सातवाहन राजाचे न वापरलेले चांदीचे नाणेही होते. मूर्ती या नाण्याहून बऱ्याच अलीकडच्या, आठव्या-नवव्या शतकांच्या आसपासच्या आहेत. म्हणजे स्तूप नंतर पुन्हा उघडून भक्तांनी त्यात भर घातली होती. इतकी शतके या पेठेत दान देणारे हात टिकून होते, ही गोष्ट ध्यानात ठेवण्यासारखी आहे.

हे दान व्यापारातून येत होते. देशावरचा माल पैठण, जुन्नर, नाणेघाट आणि कल्याण या वाटेने किंवा नाशिककडून थळघाट उतरून किनाऱ्याला येई. कार्ल्याच्या लेण्यातील दात्यांमध्ये सोपारकाचा रहिवासी आढळतो. क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात याने नाशिकच्या लेण्यातील लेखात आपल्या दानांची यादीच कोरवली आहे. भडोच, दशपूर, गोवर्धन व शोर्पारग येथे धर्मशाळा, विहिरी व तळी बांधली, दमण, तापी, डहाणुका अशा नद्यांवर फुकट होड्या ठेवल्या, आणि शोर्पारगाच्या रामतीर्थासह चार ठिकाणच्या चरक परिषदांना नारळाची ३२,००० झाडे दिली, असे तो सांगतो. डहाणुका म्हणजे आजची डहाणूची नदी. फुकट होडी हा त्या काळचा मोठा धर्म होता, कारण खाड्यांनी चिरलेल्या या किनाऱ्यावर उतार अडला की बाजारही अडत असे. याच उषवदाताने गोवर्धनच्या विणकर श्रेणींकडे, म्हणजे विणकरांच्या संघांकडे, ३,००० कार्षापण (त्या काळची नाणी) ठेव म्हणून ठेवले. त्यांतील २,००० वर दरमहा शेकडा एक आणि १,००० वर शेकडा पाऊण व्याज ठरले होते. राजाच्या जावयाने पैसा श्रेणीकडे विश्वासाने ठेवावा, इतकी तिची पत होती.

व्यापाऱ्यांच्या संघाचे काम कसे चाले, हे सांगणारी सर्वांत बोलकी कथा सोपाऱ्याचीच आहे आणि ती ‘दिव्यावदान’ या बौद्ध संस्कृत ग्रंथातील पूर्णाच्या आख्यानात येते. पूर्ण हा शूर्पारकातील सधन व्यापाऱ्याला दासीपासून झालेला मुलगा. बंदरातील व्यापारीसंघाने, म्हणजे वणिग्ग्रामाने, असा ठराव केला होता की बाहेरून माल घेऊन व्यापारी आले तर कोणीही एकट्याने त्यांच्याकडे जाऊ नये, संघाने मिळूनच माल उचलावा. पूर्णाने एकट्याने जाऊन सगळा माल आगाऊ रक्कम देऊन बांधून ठेवला. संघ चिडला. साठ कार्षापणांचा दंड वसूल होईपर्यंत त्याला उन्हात उभे करण्यात आले. प्रकरण राजापर्यंत गेले. राजाने विचारले, हा ठराव करताना पूर्णाला किंवा त्याच्या भावाला बोलावले होते काय? संघाने नाही म्हटल्यावर राजाने पूर्णाला सोडून दिले. पुढे हा पूर्ण सात समुद्रसफरी करतो, बुद्धाचा शिष्य होतो, आणि त्याच्यामुळे शूर्पारकात बुद्धासाठी चंदनाचा प्रासाद उभा राहतो.

ही कथा धर्मप्रसारासाठी रचलेली असली तरी तिच्यातला बाजार खरा वाटतो. भाव पाडण्यासाठी खरेदीदारांनी केलेली एकजूट, ती मोडणाऱ्यावर दंड, दंडवसुलीसाठी राजाच्या परवानगीची गरज नाही, आणि तरीही शेवटचा शब्द राजाचा! राजाचा निकालही न्यायाचाच आहे : ज्याला सभेला बोलावले नाही त्याच्यावर सभेचा ठराव लागू नाही. सोपाऱ्याचा पुढचा सगळा इतिहास याच चौकटीत घडला. पेठ व्यापाऱ्यांच्या हाती होती आणि तिचे दार राजाच्या हाती.

हे दार बंद होण्याचा अनुभव इ. स. पहिल्या शतकातच आला. ग्रीक नाविकाने लिहिलेल्या ‘पेरिप्लस’मध्ये सूप्पाऱ्यानंतर लगेच कल्याणचे वर्णन येते. पूर्वीच्या सारगन राजाच्या काळी कल्याण ही अधिकृत पेठ होती, पण संदन राजाच्या ताब्यात गेल्यापासून व्यापार अडवला जातो आणि येथे चुकून आलेली ग्रीक जहाजे पहाऱ्यात भडोचला नेली जातात, असे लेखक नोंदवतो. क्षत्रप आणि सातवाहन यांच्या भांडणात खाडीवरच्या पेठा अशा चेपल्या गेल्या. व्यापाऱ्यांकडे माल होता, पत होती, संघ होता. लढाऊ आरमार मात्र नव्हते.

नवव्या शतकापासून तेराव्या शतकाच्या मध्यापर्यंत उत्तर कोकणावर ठाण्याच्या शिलाहारांचे राज्य होते. हा सोपाऱ्याचा दुसरा बहर. शिलाहार आरंभी मान्यखेटच्या राष्ट्रकूटांचे मांडलिक होते. त्याच सुमारास बगदाद, बसरा, सिराफ व ओमान येथील व्यापारी या किनाऱ्यावर स्थिरावले. अल्-मसूदी ९१६ च्या सुमारास चौलला आला तेव्हा त्याने तेथे सुमारे दहा हजार मुसलमान असल्याचे लिहिले. त्यांच्यावर त्यांच्यातलाच एक प्रमुख असे, त्याला ‘हुनरमन’ म्हणत आणि त्याची नेमणूक राजा करी. चौल, सुबारा आणि ठाणे येथील लोक एकच भाषा, लारिया, बोलतात, असेही तो सांगतो. बाराव्या शतकात अल्-इद्रिसी सुबाऱ्याचे वर्णन समुद्रापासून दीड मैलावरचे, दाट वस्तीचे, मोत्यांसाठी बुड्या मारणाऱ्यांचे आणि हिंदुस्थानच्या मोठ्या पेठांपैकी एक असे गाव म्हणून करतो.

याच जिल्ह्यात चिंचणीला सापडलेल्या ९२६ च्या राष्ट्रकूट ताम्रपटात आणखी पुढची पायरी दिसते. संजाण मंडलाचा कारभार तेव्हा मधुमती सुगतिप म्हणजे मुहम्मद नावाच्या ताजिक, अर्थात अरब, अधिकाऱ्याकडे होता. त्याने आसपासची बंदरे जिंकून तेथे आपले अधिकारी बसवले, दोन नद्यांवर फुकट होड्या ठेवल्या आणि वाटसरूंसाठी भात-तुपाचे अन्नछत्र घातले. एका हिंदू मठाला मिळालेल्या दानाच्या पटात एका अरब अधिकाऱ्याची ही स्तुती आहे. उषवदाताच्या आठशे वर्षांनंतरही या किनाऱ्यावर पुण्य होडीनेच मोजले जात होते! शिलाहारांच्या दानपत्रांत राजाज्ञा ज्यांना ऐकवली जाते त्यांच्यात नगरवासी, त्रिवर्ग आणि ‘हंजमन’ हे घटक येतात. हंजमन म्हणजे परदेशी व्यापाऱ्यांची पंचायत, असे बहुतेक अभ्यासक मानतात. काहींना त्यात संजाण गाव दिसते. चिंचणीच्याच १०३४ च्या पटात परकी वळणाची नावे श्रेष्ठींच्या नावांशेजारी येतात, त्यामुळे पहिला अर्थ अधिक पटतो. राजाज्ञा ऐकण्याचा मान पंचायतीला होता. ती काढण्याचा नव्हता.

युरोपातील व्यापारी नगरराज्यांशी या बंदराची तुलना करायची तर दोन सनदा समोर ठेवाव्यात. १०८२ च्या सुमारास बायझंटाईन सम्राट अलेक्सियोस याने व्हेनिसच्या व्यापाऱ्यांना आपल्या साम्राज्यातील बहुतेक बंदरांत जकात माफ केली. सगळ्या नगराला मिळालेली ही माफी नॉर्मनांविरुद्ध दिलेल्या आरमाराचा मोबदला होती. इकडे शके १०१६ मध्ये, म्हणजे १०९५ च्या सुमारास, शिलाहार राजा अनंतदेव याने खारेपाटणच्या ताम्रपटाने भाभण श्रेष्ठी आणि धणाम श्रेष्ठी या दोघा भावांच्या जहाजांना श्रीस्थानक म्हणजे ठाणे, नागपूर (विदर्भातले नव्हे, किनाऱ्यावरचे), शूर्पारक आणि चेमुली म्हणजे चौल या बंदरांत जकात माफ केली. हे दोघे राजाचे मंत्री होते. मागणी एकच होती, जकातमाफी, आणि काळही जवळजवळ एकच होता. व्हेनिसला ती नगर म्हणून मिळाली, कोकणात ती घराण्याला मिळाली. कोकणच्या श्रेष्ठीला सत्तेत वाटा हवा असेल तर तो मंत्री होऊन दरबारात जाई. सभा जमवून दरबाराशी सौदा करण्याची त्याला गरजच पडली नाही. म्हणून सोपाऱ्यात श्रीमंती, संघ, पंचायत आणि समुद्रज्ञान सर्व असूनही प्रजासत्ताक झाले नाही. याला मागासलेपणा म्हणणे चूक ठरेल. व्हेनिसच्या पाठीशी शेतजमीन नव्हती, दलदल होती. सोपाऱ्याच्या पाठीशी भात, नारळ, साग आणि घाटावरचा सगळा दख्खन होता, आणि ज्याच्या हाती घाट त्याच्या हाती बंदर.

शिलाहारांचा शेवट समुद्रावरच झाला. १२६५ च्या सुमारास देवगिरीच्या महादेव यादवाशी लढताना शेवटचा राजा सोमेश्वर बुडाला. पोहण्यात तरबेज असूनही तो सैन्यासह समुद्रात बुडाला, असा खोचक उल्लेख यादवांचा मंत्री हेमाद्री करतो. वसई खाडीच्या दक्षिणेस, बोरिवलीजवळच्या एक्सर गावच्या वीरगळांवर वल्ह्यांच्या युद्धनौकांची झुंज कोरलेली आहे. काही अभ्यासक ती याच लढाईची मानतात. १३२१ मध्ये ठाण्यात मारल्या गेलेल्या फ्रान्सिस्कन धर्मगुरूंचे देह फ्रायर जॉर्डानस याने सोपाऱ्याला नेऊन पुरले, आणि पुढे ओडोरिक या प्रवाशाने त्यांच्या अस्थी चीनला नेल्या. या प्रसंगानंतर प्रवासवृत्तांतांतून सोपारे विरळ होत जाते आणि आगाशी, वसई, चौल ही नावे पुढे येतात.

२३ डिसेंबर १५३४ रोजी गुजरातच्या बहादूरशहाने वसई व भोवतालचा मुलूख पोर्तुगीजांना दिला. वसई त्यांच्या ‘उत्तर प्रांता’चे मुख्य ठाणे झाली. तेथे तटबंदीच्या आत निवडून येणारी नगरसभा होती, पण तिच्यात प्रवेश मूठभर पोर्तुगीज घराण्यांनाच. येथील दगड आणि लाकूड गोव्याच्या चर्चबांधणीला जाई, खाडीकाठी जहाजे बांधली जात. मे १७३९ मध्ये चिमाजी आप्पांनी वसई घेतली, डिसेंबर १७८० मध्ये ती इंग्रजांच्या हाती पडली, आणि ३१ डिसेंबर १८०२ रोजी येथेच दुसऱ्या बाजीरावाने तैनाती फौजेचा तह केला. या सर्व उलाढालींत सोपारे केवळ एक शेतीचे गाव होते.

पालघर जिल्हा १ ऑगस्ट २०१४ रोजी ठाण्यातून वेगळा झाला. त्याआधी २००९ मध्ये वसई, विरार, नालासोपारा आणि नवघर-माणिकपूर या चार नगरपरिषदा व भोवतालची गावे मिळून महानगरपालिका झाली होती. २०११ च्या जनगणनेत तिची लोकसंख्या १२ लाखांवर होती. स्थानकाच्या पूर्वेला चाळी आणि इमारतींची दाटी आहे. पश्चिमेच्या गावांत सामवेदी, वाडवळ, कोळी, भंडारी आणि पूर्वाश्रमीच्या याच समाजांतील ख्रिस्ती कुटुंबे राहतात. केळी, विड्याची पाने, फुले आणि भाजी मुंबईला जाते. आगाशीची सुकेळी प्रसिद्ध आहेत. खाडीलगत मिठागरे आहेत. निर्मळला कार्तिकात मोठी यात्रा भरते.

पाहण्यासारखे अवशेष विखुरलेले आहेत. स्तूपाचे टेकाड भारतीय पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणात आहे. चक्रेश्वर मंदिराच्या आवारात ब्रह्मदेवाची उभी मूर्ती व इतर मध्ययुगीन शिल्पे आहेत. अशोकाच्या शासनाचे तुकडे पाहायचे तर मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात जावे लागते, आणि स्तूपातील करंडक व मूर्ती मुंबईच्या एशियाटिक सोसायटीकडे आहेत.