उरुसेव्हस्की, सेर्गेई

उरुसेव्हस्की, सेर्गेई पाव्हलोविच : (२३ डिसेंबर १९०८ – १२ नोव्हेंबर १९७४). रशियन छायालेखक व दिग्दर्शक. जन्म सेंट पीटर्झबर्ग येथे. काष्ठमुद्रांसाठी नावाजलेले व्लादिमीर फाव्होर्स्की यांच्या हाताखाली ते चित्रकला शिकले आणि मग कॅमेऱ्याकडे वळले. दुसऱ्या महायुद्धात त्यांनी आघाडीवर चित्रण केले.

युद्धानंतर मार्क दोन्स्कोय, युली राइझमान आणि पुदोव्हकिन यांच्या चित्रपटांचे छायालेखन त्यांनी केले. दिग्दर्शक चुख्राय यांच्या ‘द फॉर्टी-फर्स्ट’मध्ये (१९५६) पिवळे वाळवंट आणि निळा समुद्र यांतून त्यांच्यातला चित्रकार स्पष्ट दिसतो.

खरे उरुसेव्हस्की मात्र भेटतात ते दिग्दर्शक मिखाईल कलातोझोव्ह यांच्या जोडीने. ‘द क्रेन्स आर फ्लाइंग’मध्ये (१९५७) नायिका व्हेरोनिका आघाडीवर निघालेल्या आपल्या प्रियकराला, बोरीसला गाठण्यासाठी धडपडते. कॅमेरा बसमध्ये तिच्याजवळ असतो, तिच्यामागोमाग उतरतो, गर्दीतून वाट काढतो आणि क्रेनवरून उंच जातो. खाली ती रणगाड्यांच्या मधून धावत असते. हे सारे एकाच शॉटमध्ये! कॅमेरा इथे तटस्थपणे पाहत नाही, तिच्यासोबत कासावीस होतो. बोरीसला गोळी लागते तेव्हा बर्चची झाडे त्याच्या नजरेतून गरगरतात. १९५८ साली कान महोत्सवात या चित्रपटाला पाम दोर पारितोषिक मिळाले.

याच जोडीच्या ‘द लेटर नेव्हर सेंट’मध्ये हिऱ्यांच्या शोधात तैगाच्या जंगलात शिरलेले भूवैज्ञानिक वणव्यात सापडतात. याच जोडीच्या ‘आय ॲम क्यूबा’मध्ये (१९६४) उरुसेव्हस्कींनी अवरक्त किरणांना संवेदनशील फिल्म वापरल्याने ताडामाडांची पाने पांढरी आणि आकाश काळवंडलेले दिसते. त्यातल्या अंत्ययात्रेच्या दृश्यात कॅमेरा रस्त्यावरून इमारतीच्या बाहेरून वर चढतो, सिगार वळणाऱ्या कामगारांच्या खोलीतून जातो, खिडकीबाहेर पडतो आणि तारेवरून थेट गर्दीच्या डोक्यावर तरंगत राहतो. संगणकाच्या मदतीशिवाय, माणसांच्या हातांवर आणि दोरखंडांवर हे साधले होते.

या चित्रपटाचे क्यूबात आणि सोव्हिएत संघातही थंडे स्वागत झाले. पुढे उरुसेव्हस्कींनी स्वतः दिग्दर्शन केले. चिंगिझ ऐत्मातोव्ह यांच्या कथेवरचा एक आणि कवी येसेनिन यांच्यावरचा एक, असे दोन चित्रपट त्यांच्या नावावर आहेत. छायालेखनातली त्यांची उंची त्या दोन्हींना गाठता आली नाही.

मॉस्को येथे त्यांचे निधन झाले. अमेरिकन दिग्दर्शक स्कोर्सेसी आणि कोपोला यांच्या पाठिंब्याने १९९५ साली ‘आय ॲम क्यूबा’ अमेरिकेत प्रदर्शित झाला, पण हे यश पाहायला उरुसेव्हस्की नव्हते.