फादर मोन्सेरात यांचा नकाशा

अहमदनगरचा भुईकोट किल्ला म्हटला की चांदबिबीचे स्मरण होते. १५९५ च्या अखेरीस तिच्या किल्ल्याला वेढा घालणारा शाहजादा मुराद हा अकबराचा पुत्र. तो बालपणी एका येशूसंघीय धर्मगुरूंचा विद्यार्थी होता, ही गोष्ट आपल्याकडे क्वचितच सांगितली जाते. त्या धर्मगुरूंचे नाव फादर आंतोनियो दे मोन्सेरात. इतिहासात मात्र त्यांची थोरवी आहे ती नकाशाकार म्हणून.

१५३६ साली स्पेनमधील कातालोनिया प्रांतात त्यांचा जन्म झाला. अकबराने गोव्याहून धर्मगुरूंना पाचारण केले, तेव्हा फादर रुडॉल्फ आक्वाविवा व फादर फ्रान्सिस्को हेन्रीकेस यांच्यासह त्यांची निवड झाली. १७ नोव्हेंबर १५७९ रोजी तिघांनी गोवा सोडले. पुढे ‘ख्रिस्तपुराण’ रचणारे फादर स्टीफन्स त्यापूर्वी काही आठवडेच गोव्यात उतरले होते. दमणपर्यंत समुद्रमार्ग, तेथून सुरत, खानदेशातील सुलतानपूर, मांडू, उज्जैन असा प्रवास करीत ही मंडळी १५८० च्या आरंभी फतेहपूर सिक्रीला पोचली. वाटेतील गावे, नद्या व अंतरे यांची टिपणे मोन्सेरात ठेवीत आणि ठिकठिकाणचे अक्षांश स्वतः घेत.

१५८१ मध्ये अकबर काबूलकडे निघाला, तेव्हा मुरादचे शिक्षक या नात्याने तेही लष्करासोबत गेले. बादशहाची प्रत्येक मजल दहा फुटी काठीने मोजली जात असे, हे त्यांनी लिहून ठेवले आहे. अशा आधारावर उत्तर हिंदुस्थानचा जो नकाशा त्यांनी काढला, तो तळहातावर मावेल एवढा लहान आहे. परंतु सिंधू, गंगा व हिमालय यांची मांडणी प्रत्यक्ष निरीक्षणातून करण्याचा असा प्रयत्न युरोपीय नकाशांत त्यापूर्वी झाला नव्हता.

या नकाशातील एक जागा विशेष विचार करण्याजोगी आहे. हिमालयापलीकडे मानससरोवर दाखवून त्याच्या जवळ त्यांनी नोंद केली, की येथे ख्रिस्ती लोक राहतात असे म्हणतात. पूर्वेकडे कोठेतरी ख्रिस्ती राजा व प्रजा आहे, ही दंतकथा युरोपात शतकानुशतके प्रिय होती. मोन्सेरात यांनाही ती खरी ठरावी असे वाटत असणार. तथापि स्वतः न पाहिलेली गोष्ट त्यांनी पाहिल्यासारखी लिहिली नाही. १६२४ मध्ये फादर आंतोनियो दे आंद्राद अशाच वार्तांचा शोध घेत तिबेटात पोचले. तेथे त्यांना ख्रिस्ती नव्हे, बौद्ध लोक भेटले. दंतकथा गळून पडली, पण मोन्सेरात यांचा शब्द खोटा ठरला नाही.

अकबराचा बाप्तिस्मा झाला नाही. १५८३ मध्ये आक्वाविवा कुंकळ्ळी येथे हुतात्मा झाले. १५८९ मध्ये इथिओपियास जाताना मोन्सेरात अरबांच्या हाती सापडले. कैदेतच, येमेनमधील साना येथे, त्यांनी आपला लॅटिन ग्रंथ पूर्ण केला. १५९६ मध्ये खंडणी भरून त्यांची सुटका झाली आणि १६०० साली साष्टीत त्यांनी देह ठेवला. ग्रंथ व नकाशा मात्र विस्मृतीत गेले. १९०६ मध्ये कलकत्त्याच्या सेंट पॉल कॅथेड्रलच्या ग्रंथालयात हस्तलिखित सापडले आणि १९१४ मध्ये येशूसंघीय फादर होस्टेन यांनी ते प्रसिद्ध केले.

आपल्या जिल्ह्यातही काही धर्मग्रामांची शताब्दी साजरी झाली, स्मरणिका निघाल्या. पूर्वजांनी बाप्तिस्मा केव्हा व का घेतला, दुष्काळात मिशनने काय केले, पहिले चर्च कोणी बांधले, याच्या कथा घरोघरी आहेत. स्मरणिकेत त्या व नोंदवहीतील नोंदी एकाच सुरात छापल्या जातात. पुढच्या पिढीला दोहोंतील भेद कळेनासा होतो. आजोबांची गोष्ट टाकून देऊ नये. ती अवश्य लिहावी, पण कोणाकडून ऐकली ते सांगून. जुन्या नोंदवह्यांना वाळवी लागण्यापूर्वी त्यांची प्रत करून ठेवावी. आपल्या श्रद्धेला पदरच्या भरीची गरज नाही. ‘असे म्हणतात’ हे दोन शब्द प्रामाणिकपणे लिहिणे, हीदेखील सत्यस्वरूप प्रभूची सेवाच आहे.